पदोन्नतीचा आदेश झाला, मुदतही संपली. आता अवमान याचिका? (ठाणे-नवी मुंबई)

पारसिक

पदोन्नती आणि अवमान याचिका हा विषय इतर धाग्यांत तुकड्यातुकड्यांनी येतो आणि हरवतो, म्हणून हा वेगळा धागा. चर्चेसाठी एक नमुना घेऊ. कोकण विभागातला एक अव्वल कारकून, नायब तहसीलदारपदाच्या पदोन्नतीसाठी मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) गेला. मूळ अर्ज मंजूर झाला. आदेशाचं शेवटचं वाक्य असं: "अर्जदाराच्या पदोन्नतीचा विचार आदेश मिळाल्यापासून १२ आठवड्यांत करावा." बारा आठवडे उलटले. आस्थापना शाखा म्हणते फाईल वर गेली आहे, वरचे म्हणतात विधी व न्याय विभागाचं मत मागवलंय. अवमान अर्ज टाकावा का, कधी, कोणाविरुद्ध, आणि टाकून नक्की काय मिळतं? जाणकारांनी कलमांसकट लिहावं. "न्याय मिळायलाच हवा" छापाचे प्रतिसाद नकोत.

आवक-जावक

उत्तर तुमच्या नमुन्यातल्या एका शब्दात आहे: "विचार".

आदेशात "पदोन्नती द्यावी" असेल तर पदोन्नती न देणं हा अवमान. "विचार करावा" असेल तर विचार न करणं हा अवमान. विचार करून "अपात्र" असं कारणांसह कळवलं की आदेशाचं पालन झालं, मग ते कारण कितीही चुकीचं असो. जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर (१९९६) हा निकाल इथे प्रत्येक सरकारी वकील दाखवतो. राजस्थानातली ज्येष्ठता यादीचीच भानगड होती ती. सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की आदेशानुसार एकदा यादी काढली की ती बरोबर की चूक हे अवमानाच्या कामात बघता येत नाही. ती चूक असेल तर तिथून नवीन वादकारण सुरू होतं.

म्हणून अवमान अर्जाचा पाया मूळ अर्जाच्या युक्तिवादाच्या दिवशीच घातला जातो. प्रार्थना परिच्छेदात निवडसूचीचं वर्ष, पदाचं नाव, मानीव दिनांक (पदोन्नती ज्या तारखेपासून मिळाली असं धरायचं ती तारीख) आणि मुदत हे चारही आलं पाहिजे. निकाल वाचून दाखवला जात असताना वकिलाने मुदत मागितली नाही, तर पुढे सगळं ढिलं पडतं.

जुईनगर

आदेशात मुदतच नसेल तर? बऱ्याच आदेशांत नुसतं "मंजूर" असतं.

आवक-जावक

मग आधी मुदत ठरवून घ्यायला किरकोळ अर्ज करा. हायकोर्टात "स्पीकिंग टू मिनिट्स" नावाचा सोपा रस्ता आहे, पण तो टंकलेखनाच्या चुकांपुरता. मुदत घालणं म्हणजे आदेशात भर घालणं, त्यासाठी रीतसर अंतरिम अर्ज लागतो. मुदत नसलेल्या आदेशावर अवमान टिकतच नाही असं नाही, पण "वाजवी काळ" किती यावरच दोन तारखा जातात.

खाडीकिनारा

मुदतीचं गणित कुणीतरी नीट मांडायला हवं, कारण सगळ्यात जास्त अर्ज तिथे पडतात.

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ चं कलम २०: अवमान घडल्यापासून एक वर्ष. निकालाच्या तारखेपासून नव्हे, आणि अधिकाऱ्याने शेवटचं पत्र पाठवलं त्या तारखेपासूनही नव्हे.

समजा आदेशाची प्रमाणित प्रत १० फेब्रुवारी २०२५ ला कार्यालयात पोचली. १२ आठवडे म्हणजे ८४ दिवस, ते ५ मे २०२५ ला संपले. ६ मे पासून अवमान सुरू. अर्ज ५ मे २०२६ पर्यंत दाखल झाला पाहिजे. पल्लव शेठ (२००१) निकालाने एक सोय झाली: वर्षाच्या आत अर्ज दाखल झाला की पुरे, न्यायालयाने वर्षाच्या आत दखल घेतली पाहिजे असं नाही.

"रोज पालन होत नाही, म्हणजे रोज नवा अवमान" हा युक्तिवाद लोक हमखास करतात. २०२४ च्या एस. तिरुपती राव निकालानंतर त्यावर विसंबू नये. आदेश एकदाच पाळायचा होता आणि पाळला नाही, तर तो सतत चालू असलेला अपराध होत नाही, त्याचा परिणाम फक्त चालू राहतो. मधल्या स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. दहा स्मरणपत्रं लिहून अकरावा महिना गाठलेले अर्ज दिसतात, त्यात कौतुक काही नाही.

जुईनगर

१० फेब्रुवारीला प्रत "पोचली" हे सिद्ध कसं करायचं? कार्यालय म्हणतं आम्हाला मिळालीच नाही.

खाडीकिनारा

प्रमाणित प्रत हातात आली की त्याच आठवड्यात अग्रेषण पत्रासह स्वतः आवक शाखेत द्या. दुय्यम प्रतीवर गोल शिक्का, आवक क्रमांक, तारीख आणि लघुस्वाक्षरी घ्या. शिक्का आहे पण क्रमांक नाही, अशी पोच चालत नाही. बेलापूरच्या कोकण भवनात एकाच इमारतीत इतकी कार्यालयं आहेत की शिक्का भलत्याच मजल्यावरचा बसतो. शिक्क्यावरचं कार्यालयाचं नाव तिथेच उभं राहून वाचा. शिवाय स्पीड पोस्टानेही एक प्रत पाठवा आणि "वितरित" दाखवणारं पान लगेच छापून ठेवा. ते संकेतस्थळावर कायम राहत नाही.

अग्रेषण पत्रात धमकी नको. आदेशाचा क्रमांक, तारीख, कोणता परिच्छेद पाळायचा आणि मुदत कोणत्या तारखेला संपते एवढंच. मुदत संपण्याची तारीख तुम्हीच लिहिली की "आमची मोजणी वेगळी होती" हे म्हणता येत नाही.

घोडबंदर

एक मूलभूत गोष्ट राहते आहे. मॅट सगळ्यांसाठी नाही. राज्य शासनाचे कर्मचारी मॅटमध्ये. ठाणे जिल्हा परिषदेचे, ठाणे किंवा नवी मुंबई महापालिकेचे, सिडकोचे कर्मचारी तिथे जात नाहीत. त्यांना राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हायकोर्ट. केंद्राचे कर्मचारी कॅटच्या (केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या) मुंबई खंडपीठात. खाजगी अनुदानित शाळांतल्या शिक्षकांसाठी १९७७ च्या कायद्याखालचं शाळा न्यायाधिकरण.

मॅटला स्वतःच्या अवमानासाठी हायकोर्टासारखेच अधिकार आहेत, प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम १९८५ चं कलम १७. एल. चंद्रकुमार (१९९७) निकालाने न्यायाधिकरणं हायकोर्टाच्या देखरेखीखाली आली, त्यानंतर हा अधिकार उरला का अशी शंका घेतली गेली, ती टी. सुधाकर प्रसाद (२००१) मध्ये मिटली. अधिकार शाबूत आहे, आणि मॅटने शिक्षा केली तर अपील थेट सर्वोच्च न्यायालयात. मॅटचा मूळ आदेश मात्र हायकोर्टाच्या द्विसदस्यीय खंडपीठापुढे रिट करून आव्हानित होतो. हायकोर्टाने त्यात बदल केला किंवा नवी मुदत घालून दिली, तर मग अवमान हायकोर्टाच्या आदेशाचा. अर्ज चुकीच्या दारात टाकला तर कलम २० चं वर्ष तिथे जळतं.

कक्ष_अधिकारी_१९

आस्थापनेच्या बाजूने लिहितो. शिव्या पडतील, पडू देत.

पदोन्नती का अडते हे ठाऊक नसेल तर अवमान अर्जात "हेतुपुरस्सर" हा शब्द सिद्ध होत नाही. अवमान अधिनियमाच्या कलम २(ख) मध्ये अवज्ञा जाणूनबुजून असली पाहिजे, आणि पुराव्याची पातळी जवळजवळ फौजदारीची. उशीर झाला म्हणजे अवमान झाला असं होत नाही.

नायब तहसीलदाराची निवडसूची विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे बेलापूरला कोकण भवनात होते. कोकण विभागात सात जिल्हे: मुंबई शहर, मुंबई उपनगर, ठाणे, पालघर, रायगड, रत्नागिरी, सिंधुदुर्ग. सातही जिल्ह्यांतून अव्वल कारकून आणि मंडळ अधिकाऱ्यांची माहिती यावी लागते. एका जिल्ह्याचा तक्ता अडला की पदोन्नती समितीची बैठक अडते. वरून निवडसूचीचं वर्ष १ सप्टेंबर ते ३१ ऑगस्ट. त्या वर्षात बैठक झाली नाही तर रिक्त पदांची मोजणी पुन्हा.

अडण्याची नेहमीची ठिकाणं सांगतो. ज्येष्ठता यादी १ जानेवारीच्या स्थितीची असते. आधी तात्पुरती, मग हरकती, मग अंतिम. हरकतींवर निर्णय न घेता यादी "तात्पुरती"च राहते आणि वर्षं निघून जातात. ठाण्यात यात १ ऑगस्ट २०१४ चा पालघर विभाजनाचा गुंता आहे. जिल्हास्तरीय संवर्गांत त्याआधीची ज्येष्ठता बघायला जुनी एकत्र यादी लागते. मग बिंदुनामावली, म्हणजे कोणतं पद कोणत्या प्रवर्गाचं हे दाखवणारी आरक्षणाची नोंदवही. ती विभागीय आयुक्त कार्यालयातल्या मागासवर्ग कक्षाकडून तपासून आलेली नसेल तर समितीपुढे जाताच येत नाही. तपासणीत बिंदू चुकले तर परत. मग पाच वर्षांचे गोपनीय अहवाल. त्यातला एक वर्षाचा अहवाल प्रतिवेदन अधिकारी बदलून गेल्यामुळे कोरा. शेवटी मत्ता व दायित्वाचं विवरण, विभागीय परीक्षा, चौकशी चालू नसल्याचं प्रमाणपत्र.

यातलं तुमचं नक्की कुठे अडलंय हे शोधा. कोरा अहवाल ही अडचण आहे, पण न्यायालयाने आदेश दिल्यावर तीन महिन्यांत तो भरून घेण्यासाठी एकही पत्र गेलं नसेल, तर तिथे हेतू दिसतो.

पारसिक

उत्तम. ते "एकही पत्र गेलं नाही" बाहेरच्याला कळणार कसं?

कक्ष_अधिकारी_१९

माहितीचा अधिकार. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, एकच विषय, १५० शब्दांच्या आत, महाराष्ट्राच्या नियमांत तशी मर्यादा आहे. उत्तर ३० दिवसांत. न आल्यास प्रथम अपील, फी वीस रुपये. प्रती दोन रुपये पान. "का दिली नाही" असं विचारू नका, कारण "का" ही माहिती ठरत नाही, तसं उत्तर येऊन अर्ज निकाली निघतो. हे मागा: अमुक आदेश आवक झाल्यापासून आजपर्यंतच्या टिपणीची सर्व पानं आणि फाईल कोणत्या टेबलावर कधी आली-गेली याची नोंद.

मग ती नोंद २००५ च्या बदल्या व विलंब प्रतिबंध कायद्याच्या कलम १० शेजारी ठेवा. सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त कुणाच्याही टेबलावर फाईल राहू नये, दुसऱ्या विभागाकडे पाठवायची नसेल तर ४५ दिवसांत निर्णय, पाठवायची असेल तर तीन महिन्यांत. एकाच टेबलावर ७० दिवस फाईल पडली आहे हे त्यांच्याच कागदावर दिसलं, की शपथपत्रातला "प्रशासकीय कारणास्तव" हा शब्द तोकडा पडतो.

मुदत चालू असतानाच, साधारण सातव्या-आठव्या आठवड्यात अर्ज टाका. मुदत संपेपर्यंत उत्तर हातात.

जुईनगर

हे सोनं आहे. वाचनखूण साठवली.

घोडबंदर

कोणाविरुद्ध, यावर. अवमान व्यक्तिगत असतो. मूळ अर्जात "महाराष्ट्र शासन, सचिव मार्फत" चालतं, अवमान अर्जात नावासकट व्यक्ती लागते. मुदत चालू असताना आणि संपली त्या दिवशी त्या खुर्चीत कोण होतं, तो. आज कोण आहे याला दुसरं स्थान. मधे बदली झाली असेल तर दोघांचे कार्यकाळ तारखांसह लिहा. नवीन अधिकाऱ्याला आधी आदेशाची प्रत देऊन ठेवा, नाहीतर "मला माहीतच नव्हतं" हे खरं ठरतं आणि तो सुटतो. टेबलावरचा अव्वल कारकून किंवा कक्ष अधिकारी प्रतिवादी करू नका. ज्याला पदोन्नतीचा आदेश काढण्याचा अधिकार आहे तोच. नायब तहसीलदाराच्या बाबतीत विभागीय आयुक्त. पाच-सहा नावं घातली की प्रत्येकजण दुसऱ्याकडे बोट दाखवतो.

खारेगाव

सरकारने हायकोर्टात रिट टाकलं आहे, म्हणून मॅटमधला अवमान थांबला पाहिजे, असं सरकारी बाजूचं म्हणणं असतं. बरोबर आहे का?

आवक-जावक

नाही. आव्हान दाखल करणं म्हणजे स्थगिती नव्हे. स्थगितीचा आदेश दाखवा, नाहीतर पालन करा. पण मॉडर्न फूड इंडस्ट्रीज (१९९५) चा आधार घेऊन ते म्हणतात की स्थगितीच्या अर्जावर आधी सुनावणी होऊ द्या, आणि न्यायालय सहसा एखादी तारीख देतं. तुम्ही हायकोर्टात स्वतःहून हजर व्हा आणि स्थगितीचा अर्ज लवकर लावून घ्या. रिट "कार्यालयीन हरकतीत" (कागदांतल्या त्रुटी न काढल्यामुळे) पडून आहे का हे हायकोर्टाच्या संकेतस्थळावर क्रमांकाने दिसतं. हरकती न काढलेलं रिट सहा महिने ढाल म्हणून वापरलं जातं. त्या पानाची छापील प्रत अवमान अर्जाला जोडा.

आणि शासन "निकालाच्या अधीन राहून" पदोन्नती देतं, त्यावर नाक मुरडू नका. ते पालनच आहे.

खारेगाव

आरक्षणाचं कारण पुढे केलं तर? "पदोन्नतीतील आरक्षणाचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात आहे, म्हणून बैठक नाही" हे वाक्य तर ठरलेलं.

कक्ष_अधिकारी_१९

ते कारण २०१७ नंतर काही काळ खरं होतं. २५ मे २००४ चा पदोन्नतीतील आरक्षणाचा शासन निर्णय हायकोर्टाने ४ ऑगस्ट २०१७ ला रद्द ठरवला, शासन सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि बऱ्याच खात्यांत कामकाज गोठलं. पण ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने पदोन्नतीच्या कोट्यातली सगळी पदं २५ मे २००४ च्या स्थितीनुसारच्या सेवाज्येष्ठतेने, अंतिम निकालाच्या अधीन राहून भरायला सांगितलं. त्यानंतर "प्रकरण प्रलंबित" एवढ्यावर बैठक थांबवता येत नाही. हा निर्णय कुणाला मान्य, कुणाला अमान्य, तो वाद इथे काढू नका. अवमान अर्जापुरता तो शासनाचाच कागद आहे.

चौकशीचंही तसंच. मोहोरबंद पाकीट, म्हणजे समितीचा निष्कर्ष चौकशी संपेपर्यंत बंद ठेवणं, तेव्हाच, जेव्हा समितीच्या बैठकीच्या दिवशी दोषारोपपत्र बजावलेलं असतं, निलंबन असतं किंवा फौजदारी खटल्यात दोषारोप दाखल असतो. जानकीरामन, १९९१. प्राथमिक चौकशी, कुणाचा निनावी अर्ज, "कारवाई प्रस्तावित" यावर पाकीट बंद करता येत नाही.

खाडीकिनारा

प्रत्यक्ष सुनावणीत काय घडतं ते थोडक्यात. पहिल्या तारखेला साधी नोटीस. सरकारी वकील, मॅटमध्ये सादरकर्ता अधिकारी, सूचना घ्यायला वेळ मागतो. दुसऱ्या-तिसऱ्या तारखेला "आठ आठवड्यांत करतो" असं निवेदन. इथे सावध. हे निवेदन न्यायालयाला दिलेली हमी म्हणून स्वीकारलं असं रोजनाम्यात लिहून घ्या. हमीचा भंग हा कलम २(ख) खाली स्वतंत्र अवमान आहे, नुसत्या निवेदनाचं तसं नाही. शिवाय हमीने नवी तारीख मिळते, म्हणजे कलम २० चं घड्याळही तिच्यापुरतं नव्याने.

त्यानंतरही काही झालं नाही तर कारणे दाखवा नोटीस आणि दोषारोप निश्चिती. बहुतेक वेळा सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी आदेश निघतो आणि माफीचं शपथपत्र येतं. शिक्षा म्हणाल तर कलम १२: सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. दिवाणी अवमानात दंड पुरेसा वाटत नसेल तरच कैद. म्हणजे ज्यांना अधिकाऱ्याला तुरुंगात बघायचं आहे त्यांनी अपेक्षा आवरावी. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आंध्र प्रदेशातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला हायकोर्टाचा आदेश धुडकावल्याबद्दल तहसीलदारपदावर खाली आणलं. पण ते प्रकरण झोपड्या पाडण्याचं होतं. पदोन्नतीच्या कामात तसं होईल असं समजून बसू नका.

"साहेबांना प्रत्यक्ष बोलवा" ही मागणीही आता सहज मान्य होत नाही. ३ जानेवारी २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांच्या हजेरीबाबत कार्यपद्धती घालून दिली आहे. हजेरी लागलीच तर पहिला पर्याय दूरदृश्य प्रणालीचा.

जुईनगर

समजा "विचार केला, अपात्र" असं पत्र अवमान अर्ज चालू असतानाच आलं. मग अवमानात लढत राहायचं की नवीन मूळ अर्ज?

आवक-जावक

दोन्ही घड्याळं वेगळी आहेत, हे लक्षात न आल्यामुळे माणसं दोन्हीकडून मार खातात. अपात्रतेच्या पत्राला आव्हान द्यायला प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम २१ खाली एक वर्ष. अवमान अर्ज दीड वर्ष चालला आणि मग "पालन झालं, अर्ज निकाली" म्हटलं गेलं, तर ते वर्ष हातातून गेलेलं असतं. विलंबमाफी मागता येते, हक्क म्हणून मिळत नाही. म्हणून पत्र आलं की दोन महिन्यांत नवीन मूळ अर्ज टाका आणि अवमानाच्या कामात तसं सांगून टाका. अवमान अर्ज निकाली काढताना "नवीन आदेशाला आव्हान देण्याची मुभा" हे शब्द लिहून घ्या.

घोडबंदर

इथे थोडा मतभेद. पत्रात कारण असं दिलं असेल जे मूळ निकालाने आधीच फेटाळलेलं आहे, तर ते "विचार" म्हणता येत नाही आणि अवमान टिकतो. उदाहरणार्थ, निकालात म्हटलं की २०२१-२२ चा अहवाल कळवलेला नसल्याने विचारात घेऊ नये, आणि नंतरच्या पत्रात तोच अहवाल. अशा वेळी परिहार निकालाची ढाल पूर्ण चालत नाही.

आवक-जावक

मान्य, पण निकालात तो मुद्दा स्पष्ट शब्दांत असला तरच. सुधीर वासुदेव (२०१४) मध्ये अवमानाच्या कामात अधिसंख्य (मंजूर संख्येबाहेरची जादा) पदं निर्माण करायला सांगितलं होतं, ते सर्वोच्च न्यायालयाने रद्द केलं. मूळ आदेशाच्या चार कोपऱ्यांबाहेर जाता येत नाही.

खारेगाव

पैशाचं कुणी बोललं नाही. उशिरा मिळालेल्या पदोन्नतीची थकबाकी?

कक्ष_अधिकारी_१९

अवमानात नाही, आदेशात शब्द असल्याशिवाय तर नाहीच. के. के. वडेरा (१९८९) पासून नियम असा की पदोन्नती दिल्या तारखेपासून लागते, पद रिक्त झाल्या तारखेपासून नव्हे. कनिष्ठाला आधी दिली असेल तर मानीव दिनांक मिळतो, वेतननिश्चिती काल्पनिक (फक्त कागदोपत्री) होते, पुढची वेतनवाढ आणि निवृत्तिवेतन त्यावर. मधल्या काळातली प्रत्यक्ष थकबाकी हवी असेल तर चूक पूर्णपणे प्रशासनाची होती हे मूळ अर्जात मांडून मागावी लागते. भास्करन पिल्लई (२००७) त्यासाठी बघा. १०-२०-३० वर्षांच्या सेवेनंतरच्या आश्वासित प्रगती योजनेत वरची वेतनश्रेणी आधीच लागली असेल तर फरक फार थोडा निघतो. वकिलाची फी ठरवण्याआधी तेवढं गणित करा.

पारसिक

शेवटचं एक. अर्जदार येत्या ३१ तारखेला ५८ पूर्ण करून निवृत्त होतोय आणि मुदत त्यानंतर संपते. काही करता येतं?

घोडबंदर

मुदत संपेपर्यंत अवमान नाहीच. अवमान अर्ज नको, त्याच न्यायाधिकरणात मुदत कमी करण्याचा किरकोळ अर्ज टाका, निवृत्तीची तारीख ठळक लिहून आणि सेवापुस्तकाचं पहिलं पान जोडून. तेही शक्य नसेल तर निवृत्तीआधी लेखी निवेदन देऊन ठेवा की मानीव दिनांकाचा हक्क सोडलेला नाही. निवृत्तिवेतनाच्या कागदांवर सही करताना "न्यायाधिकरणाच्या आदेशाच्या अधीन राहून" असं पेनाने लिहा, आणि त्या पानाची छायाप्रत घेतल्याशिवाय फाईल परत देऊ नका.

जुईनगर

सही करताना टेबलावरचा माणूस "असं काही लिहायचं नसतं" म्हणाला तर?

घोडबंदर

तर हेच वाक्य वेगळ्या पत्रात, आणि ते पत्र आवक शाखेत. शिक्का, क्रमांक, तारीख, लघुस्वाक्षरी.